निओडिमियमचा चुंबक घेताना तापमान विचारा

पुण्यातल्या तापकीर गल्लीत, म्हणजे विजेच्या सामानाच्या बाजारात, निओडिमियम या धातूच्या मिश्रधातूचा चुंबक मागताना बहुतेक जण फक्त ताकद विचारतात. एन३५, एन५२ मधला आकडा ताकदीचाच. पण आकड्यापुढे एच, एसएच असं अक्षर नसेल, तर साधारण ८० अंश सेल्सिअसच्या वर चुंबकत्व घटतं आणि थंड केल्यावरही पूर्ण परत येत नाही. एच साधारण १२० पर्यंत टिकतो, एसएच १५० पर्यंत. भर उन्हात कात्रजचा घाट चढणाऱ्या ई-स्कूटरच्या मोटरला साधा चुंबक अजिबात घालू नये. ही सहनशक्ती बहुधा डिस्प्रोशियम हा महाग धातू मिसळून येते आणि किंमत तिथेच चढते.

निओडिमियम हवेत काळवंडतं, पापुद्रे सुटतात. मिश्रधातूत लोखंडही आहेच (अणूंच्या हिशेबाने दोन निओडिमियम, चौदा लोखंड, एक बोरॉन), म्हणून वर निकेल-तांबे-निकेलचा मुलामा. टवका उडालेला चुंबक पुण्याच्या पावसाळ्यात आतून भुसभुशीत होतो.

भोक पाडू नका. सिंटर्ड, म्हणजे भुकटी दाबून-भाजून केलेला, चुंबक ठिसूळ असतो, तडकतो, बारीक भुगा पेटही घेतो. भोकाचाच तयार घ्या. चिकटवायला दोन भागांचं इपॉक्सी, चोवीस तास. ध्रुवाची खूण आधी मार्करने करा. लहान मुलाने दोन चुंबक गिळले तर वाट न पाहता दवाखाना गाठा: आतडं मध्ये चिमटून भोक पडतं.