डांबरावरचा खापरखवल्या

जुलैतली रात्र होती. रस्त्यावर मरणाऱ्या सापा-बेडकांची नोंद ठेवायचं माझं काम. महाबळेश्वर-तापोळा रस्त्याचा ठरलेला टप्पा पायी चालायचा, दिसेल ते मोजायचं. पाऊस नुकताच ओसरला होता आणि धुक्यात विजेरीचा उजेड दहा पावलांपुढे जात नव्हता.

पहिली दिसली ती खापरखवल्या या मातीत राहणाऱ्या सापाची मादी, चाकाखाली गेलेली. फूटभरही लांब नसेल. पोट फाटलं होतं आणि पातळ आवरणात गुंडाळलेली चार पिल्लं बाहेर आली होती, जवळजवळ पूर्ण वाढलेली. हा साप अंडी घालत नाही, पिल्लांना जन्म देतो, हे मला पाठ होतं. पण असं पाहिलं नव्हतं. वहीत १ लिहू की ५, ते ठरेना.

थोडं पुढे दुसरा, जिवंत. डांबरावर नुसता वळवळत होता. मातीत हाच साप किती ताकदवान! सैल कातडीच्या आत पाठीचा कणा वाकवून तो पुढचं अंग फुगवतो, बिळाच्या भिंतींना रेटा देतो आणि टोकदार डोकं पुढे खुपसतो. त्यासाठी पुढच्या भागातले स्नायू लालभडक, न थकणारे. पण रेटायला भिंतच नसेल तर? ओल्या, सपाट रस्त्यावर त्याला हातभर सरकायलाही वेळ लागत होता.

तेवढ्यात मोटरसायकलवरचे एक काका थांबले. "दुतोंड्या ना? मारा, विषारी असतो."

"नाही काका, बिनविषारी आहे. गांडुळं खातो. हे दुसरं तोंड नाही, शेपटी आहे." तिरकी छाटल्यासारखी ती खरबरीत शेपटी मी उजेडात धरली. सापाने माझ्या बोटाला घट्ट वेढा घातला. चावला मात्र नाही. काळ्या खवल्यांवर इंद्रधनुष्यी झाक उमटली तसे काका वाकून पाहू लागले. मग स्वतःहून गाडी आडवी लावून, मागचा दिवा चालू ठेवून उभे राहिले.

मी त्याला उताराकडच्या झाडीत, पालापाचोळ्यावर सोडलं. डोकं मातीला लागलं मात्र, अंग सरसर आत गेलं. शेवटी फक्त शेपटीची चकती उरली, चिखलाने माखलेली, बिळाच्या तोंडात बुचासारखी बसलेली. तीही आत ओढली गेली.

काकांनी विचारलं, "अजून किती चालायचंय?"

"दोन किलोमीटर."

ते गाडी हळू हळू माझ्यामागून आणत राहिले. वहीत मी ५ लिहिलं.