खाली उतरून वर गेलेला स्टॉपर : जोझे फोंते

युरो 2016 (म्हणजे युरोपातल्या देशांचा फुटबॉलचा कप) मधली पोर्तुगाल-क्रोएशिया मॅच ज्यांनी पूर्ण जागून बघितली असे माझ्या ओळखीत दोनच जण आहेत, एक मी आणि दुसरा माझा मामेभाऊ, आणि तो पण मध्ये तासभर झोपला होता पण अजून कबूल करत नाही. आपल्याकडे मॅच रात्री साडेबाराला सुरू झाली होती. एका बाजूला मॉड्रिच, राकिटिच, पेरिशिच, दुसऱ्या बाजूला रोनाल्डो, नानी, आणि 117 व्या मिनिटापर्यंत, म्हणजे एक्स्ट्रा टाइम संपत येईपर्यंत, दोन्ही टीमचा मिळून गोलवर एक शॉट नाही. म्हणजे किपर लोकांना खुर्ची टाकून दिली असती तरी चाललं असतं. मग पेरिशिचचा हेडर पोस्टला लागला, तिथूनच पोर्तुगालचा काउंटर, रोनाल्डोचा शॉट किपरने अडवला आणि उडालेला बॉल क्वारेझ्माने डोक्याने आत ढकलला, 1-0, संपलं, झोपा.

दुसऱ्या दिवशी सगळीकडे एकच, काय बोअर मॅच होती राव. मी पण तेच बोललो. पण मी स्वतः शाळेपासून स्टॉपर, म्हणजे गोलसमोरचा मधला डिफेंडर, खेळलोय (म्हणजे कोचने उभं केलं तिथे उभा राहिलोय) त्यामुळे मनातून एक गोष्ट खटकत होती, की बोअर ती आपल्यासाठी, ज्यांनी ती बोअर केली त्यांच्यासाठी ती आयुष्यातली बेस्ट मॅच असेल की. त्यातला एक पोर्तुगालचा डिफेंडर पेपे, त्याला सगळे ओळखतात, चांगल्या-वाईट दोन्ही कारणांनी. दुसरा 4 नंबरची जर्सी घातलेला जोझे फोंते. त्या युरोतली ही त्याची पहिलीच मॅच होती. वय 32.

नावाचं आधी सांगतो. होजे नाही. होजे स्पॅनिश लोकांचा, पोर्तुगीजमध्ये ते झुझेच्या जवळ जातं, आपल्या गोव्यात जुझे म्हणतात तेच नाव. कॉमेंट्रीवाले वर्षानुवर्षं होजे करत आलेत, असो.

तर हा माणूस डिसेंबर 1983 चा, गाव पेनाफिएल, पोर्तोपासून जवळच. वडील फुटबॉलर, धाकटा भाऊ रुई पण फुटबॉलर, म्हणजे घरात बॉलशिवाय दुसरा विषय नसणार. जोझे स्पोर्टिंगच्या ज्युनिअर टीममध्ये वाढला, तीच अकॅडमी जिथून फिगो आला, रोनाल्डो आला. आता अशा ठिकाणी वाढलेल्या पोराला सगळे विचारणार, मग सिनिअर टीममध्ये कधी? तो कधीच नाही. बी टीममध्ये खेळला आणि तिथून बाहेर. मग फेल्गेरास, सेकंड डिव्हिजनचा छोटा क्लब. मग व्हितोरिया सेतूबाल. तिथे बरा खेळला म्हणून 2006 मध्ये बेनफिकाने उचलला, आणि बेनफिकाने काय केलं तर लोनवर, म्हणजे दुसऱ्या क्लबला काही काळ उसना पाठवला, पासोस दे फेरेराला, मग एश्त्रेला दा अमादोराला. आपल्याकडे सरकारी नोकरीत बदल्या होतात तसं. स्पोर्टिंग आणि बेनफिका, लिस्बनचे दोन्ही मोठे क्लब याच्या बायोडेटामध्ये आहेत आणि दोघांपैकी एकाच्याही सिनिअर टीममधून लीगची मॅच नाही.

2007 मध्ये परत लोन, यावेळी थेट इंग्लंडला, क्रिस्टल पॅलेस. तेव्हा पॅलेस सेकंड डिव्हिजनला, म्हणजे ज्याला ते चॅम्पियनशिप म्हणतात. थंडी, चिखल, हवेतून सतत येणारे लांब बॉल, शनिवार-मंगळवार-शनिवार मॅच. टेक्निकल अकॅडमीतून आलेला पोरगा तिथे टिकणार नाही असं कुणालाही वाटलं असतं, पण हा टिकला, पुढच्या वर्षी पॅलेसने त्याला कायमचा घेतला. मध्ये काही दिवस भाऊ रुई पण आर्सेनलकडून लोनवर पॅलेसला आला होता.

आता खरी गंमत. जानेवारी 2010. वय 26, डिफेंडरचा बेस्ट पिरियड सुरू व्हायचं वय, आणि हा माणूस चॅम्पियनशिप सोडून साउथहॅम्प्टनला जातो, जे तेव्हा लीग वनमध्ये होते. नाव वन असलं तरी डिव्हिजन तिसरी, ते इंग्लिश लोकांचं गणित. साउथहॅम्प्टनची हालत अशी की आदल्या वर्षी पैशाचं दिवाळं निघालं होतं, त्याची शिक्षा म्हणून तो सीझन उणे 10 पॉइंटवरून सुरू झाला होता. नवीन मालक आला होता, मार्कुस लीबहेर, पैसा आला होता, ते ठीक. पण तरी विचार करा ना. तुम्ही एका कंपनीत नीट चाललेले आहात आणि कुणीतरी सांगतंय की एक पोस्ट खाली ये, पण आमचा प्लॅन भारी आहे. आपण काय म्हणतो? प्लॅन सगळ्यांचेच भारी असतात. घरचे तर ऐकूनच डोक्याला हात लावतील.

हा गेला. रक्कम साधारण 12 लाख पाउंड सांगितली जाते. मार्चमध्ये वेंब्लीवर कार्लाइलला 4-1 हरवून फुटबॉल लीग ट्रॉफी जिंकले (छोटी ट्रॉफी आहे, पण वेंब्ली ती वेंब्ली). 2011 ला प्रमोशन, म्हणजे एक डिव्हिजन वर. 2012 ला परत प्रमोशन. दुसऱ्या प्रमोशनची शेवटची मॅच कॉव्हेंट्रीबरोबर, जिंकलं की प्रीमियर लीग, म्हणजे सगळ्यात वरची डिव्हिजन, पक्की, आणि 4-0 जिंकले, त्यातला दुसरा गोल कुणाचा तर आमच्या स्टॉपरचा. म्हणजे ज्या माणसाने वर जाण्यासाठी एक पायरी खाली घेतली तो अडीच वर्षांत दोन पायऱ्या वर. तो ज्या पॅलेसला सोडून आला होता ते तेव्हा अजून चॅम्पियनशिपमध्येच होते.

मग 2014 चा उन्हाळा. साउथहॅम्प्टनची टीम अक्षरशः विकायला काढली होती, लालाना, लोव्हरेन, लॅम्बर्ट तिघेही लिव्हरपूलला, ल्यूक शॉ मँचेस्टर युनायटेडला, कोच पोचेटिनो टॉटनहॅमला. सगळे म्हणत होते आता हे बुडणार. नवीन कोच कूमान आला आणि कॅप्टन कुणाला केला, फोंतेला. त्या सीझनला त्यांनी 38 मॅचमध्ये फक्त 33 गोल खाल्ले, लीगमध्ये त्याहून कमी एकट्या चेल्सीने, 32, आणि ते चॅम्पियन होते. शेजारी आल्डरविरेल्ड खेळायचा, पुढच्या वर्षी तो गेला तर सेल्टिककडून एक उंच डच पोरगा आला, व्हॅन डाइक. हे नाव लक्षात ठेवा, परत येणारे.

एवढं सगळं करून पोर्तुगालकडून एक मॅच नाही बरं का. 2014 च्या वर्ल्डकपला पण नाही. पोर्तुगालकडे पेपे, ब्रुनो आल्व्हेस असे मोठे मोठे बसले होते, आणि साउथहॅम्प्टनच्या स्टॉपरकडे बघतो कोण. पण फर्नांडो सांतोस कोच झाला आणि 18 नोव्हेंबर 2014 ला, ओल्ड ट्रॅफर्डवर अर्जेंटिनाविरुद्ध, फोंतेचा डेब्यू झाला. फ्रेंडली होती. लोक गेले होते मेस्सी-रोनाल्डो बघायला आणि ते दोघे हाफटाइमला बाहेर बसले, पब्लिकचा पोपट झाला. पोर्तुगाल शेवटच्या क्षणी 1-0 जिंकलं. फोंते तेव्हा 31 ला महिनाभर कमी. आपल्याकडे या वयात मुलगा अजून खेळतोय म्हटलं की पाहुणे विचारतात, ते ठीक आहे पण करतो काय?

आता परत युरोवर. ग्रुपमध्ये पोर्तुगालच्या तिन्ही मॅच ड्रॉ, आइसलँड 1-1, ऑस्ट्रिया 0-0, हंगेरी 3-3. पेपेच्या शेजारी 38 वर्षांचा रिकार्डो कार्व्हाल्यो खेळत होता, काय क्लास डिफेंडर, पण हंगेरीविरुद्ध तीन गोल पडल्यावर सांतोसने त्याला बसवला आणि फोंतेला आणला. म्हणजे 38 च्या जागी 32, पोर्तुगालमध्ये याला तरुण रक्ताला संधी म्हणत असावेत. त्यानंतरचा हिशोब मी वहीत मांडला होता : क्रोएशिया 120 मिनिटं, पोलंड 120, वेल्स 90, फायनल फ्रान्सबरोबर 120. एकूण 450 मिनिटं. खाल्लेले गोल, 1. तो पण पोलंडच्या लेवांडोव्स्कीचा, दुसऱ्याच मिनिटाला. म्हणजे त्या गोलनंतर पुढची 328 मिनिटं पोर्तुगालने काहीच खाल्लं नाही. वेल्सविरुद्ध तर पेपे पण नव्हता, इंज्युरी होती, तेव्हा शेजारी ब्रुनो आल्व्हेस आणि लाइन सांभाळायला हा.

फायनल सगळ्यांना आठवते ती रोनाल्डो रडला म्हणून, 25 व्या मिनिटाला स्ट्रेचरवरून गेला आणि त्याच्या चेहऱ्यावर तो पतंग बसला होता, किडा म्हणा हवं तर. आणि 109 व्या मिनिटाचा एडेरचा गोल. पण मधल्या वेळात आपल्याच देशात खेळणारं फ्रान्स, सिसोको गाडीसारखा घुसतोय, ग्रीझमनचा हेडर वरून जातोय, इंज्युरी टाइममध्ये जिन्याक पेपेला फिरवून शॉट मारतो आणि बॉल पोस्टला, तेव्हा मी उशी दाताखाली धरली होती. आईने आतून विचारलं, काय झालं रे? म्हटलं काही नाही, झोप. 0-0 म्हणजे काहीच झालं नाही असंच सांगावं लागतं ना.

पुढचं भराभर सांगतो कारण सगळंच काही गोड नाही. जानेवारी 2017 ला वेस्ट हॅमने घेतला. घरच्या मैदानावर पहिल्याच मॅचला मँचेस्टर सिटीकडून 4-0, आणि त्यातली पेनल्टी याने दिलेली. मग पायाची इंज्युरी. मग फेब्रुवारी 2018 ला चीनमध्ये दालियान यीफांग, जिथे टीम लीगची पहिलीच मॅच 8-0 हरली. मला वाटलं संपला, पैसे कमवून आता रिटायर होईल, यात वाईट काही नाही. त्याच उन्हाळ्यात तो वर्ल्डकपला पेपेच्या शेजारी उभा होता, स्पेनबरोबर 3-3 वाली मॅच आठवत असेल.

आणि तिथून फ्रान्स, लील. वय 34. मामेभाऊ म्हणाला, म्हाताऱ्याला घेऊन काय करणार ते. काय केलं ते सांगतो. 2020-21 चा सीझन, पीएसजीकडे, म्हणजे पॅरिसच्या मोठ्या क्लबकडे, नेमार, एम्बापे, लीलकडे कॅप्टन 37 वर्षांचा फोंते आणि शेजारी बॉटमन नावाचा 21 वर्षांचा डच पोरगा, दोघांत 16 वर्षांचा फरक. फ्रान्समध्ये कोव्हिडमुळे स्टेडियम रिकामी, त्यामुळे टीव्हीवर डिफेंडरचं ओरडणं स्पष्ट ऐकू यायचं, आणि मला तर तेच बघायला, म्हणजे ऐकायला, मजा यायची. 38 मॅच, 23 गोल खाल्ले, फक्त 3 हार. एप्रिलमध्ये पॅरिसमध्ये जाऊन पीएसजीला 1-0. शेवटच्या दिवशी 23 मे ला अँझे क्लबला 2-1 हरवलं आणि 83 पॉइंट, पीएसजी 82. एक पॉइंट! 2011 नंतर लीलने जिंकलेली पहिली लीग, आणि फोंतेने आयुष्यात जिंकलेली पहिलीच टॉप डिव्हिजनची लीग. उणे 10 वरून सीझन सुरू केलेल्या साउथहॅम्प्टनला गेलेला माणूस ना हा.

मधे व्हॅन डाइकचं राहिलं. जून 2019, पहिल्या नेशन्स लीगची (युरोपातल्या देशांचीच नवी स्पर्धा) फायनल, पोर्तोच्या ड्रॅगाओ स्टेडियममध्ये, फोंतेच्या गावापासून हाकेच्या अंतरावर. सेमीफायनलला पेपे पडला आणि त्याच्या जागी हा आला, फायनलला रुबेन दियासच्या शेजारी हाच. समोर नेदरलँड्स, कॅप्टन व्हॅन डाइक, आठवड्यापूर्वीच लिव्हरपूलकडून चॅम्पियन्स लीग जिंकून आलेला, त्या वेळचा जगातला सगळ्यात महागडा डिफेंडर. आणि इकडे त्याचा जुना कॅप्टन, चीनवरून परत आलेला. पोर्तुगाल 1-0, गोल गेदेसचा. मॅचनंतर दोघं काय बोलले असतील हे ऐकायला मी पैसे दिले असते.

पोर्तुगालकडून 50 मॅच झाल्या त्याच्या, सगळ्या तिशीनंतर. लील सोडून 2023 ला ब्रागा, तिथे चॅम्पियन्स लीगचे ग्रुप, तिथेच चाळिशी पूर्ण, आणि 2024 ला लिस्बनच्या कासा पियामध्ये सही. ज्या शहराच्या दोन मोठ्या क्लबांनी नाही म्हटलं त्याच शहरात.

मागच्या रविवारी मी ती क्रोएशियाची मॅच परत लावली. दीडपट स्पीडने, आणि बॉल सोडून फक्त 4 नंबरकडे बघत. क्रोएशियाचा स्ट्रायकर मांजुकिच जिकडे सरकेल तिकडे हा अर्धं पाऊल आधी. हात वर, लाइन पुढे, परत मागे, परत हात वर. मामेभाऊ आला, पाच मिनिटं उभा राहिला, म्हणाला यात गोल कधी होतो? म्हटलं 117 व्या मिनिटाला. तो चहा करायला गेला आणि परत आलाच नाही.