रुग्णाशी नाते

आजारपणात जवळ कोण असतं आणि कायदा जवळचं कुणाला मानतो, हा माझा संशोधनाचा विषय. समलैंगिकांवर काम करते म्हटलं की लोक कलम ३७७ (समलैंगिक संबंधांना गुन्हा ठरवणारं जुनं कलम) आणि लग्न एवढंच विचारतात. माझ्या वह्या मात्र औषधांच्या वेळा, बँकेचे नॉमिनी आणि दवाखान्यातल्या सह्या यांनीच भरल्या आहेत.

त्या सकाळी ज्यांचा फोन आला, त्या दोघी सव्वीस वर्षं एकत्र राहतात. थोरल्या बाई, निवृत्त शिक्षिका, न्हाणीघरात पडल्या आणि खुब्याचं हाड मोडलं. धाकट्या रडत होत्या. "अगं, हे म्हणतात रक्ताचं कुणी आणा, मगच ऑपरेशन."

रिक्षात मी समीरा कोहली खटल्याचा निकाल पुन्हा चाळला. २००८ चा. भूल दिलेल्या ४४ वर्षांच्या बाईचं गर्भाशय तिच्या आईच्या संमतीवर काढलं होतं. जिवावरचं संकट नव्हतं, तिला शुद्धीवर येऊ द्यायला हवं होतं. आईची संमती सर्वोच्च न्यायालयाने ग्राह्य धरली नाही. सज्ञान माणसाच्या शरीराबद्दल तोच बोलणार, इतकं ते स्वच्छ आहे. आणि आमच्या बाई तर पूर्ण शुद्धीत, स्ट्रेचरवर पडून चष्मा मागत होत्या. सही त्यांनी कधीच केली होती.

अडलं होतं खालच्या दोन रकान्यांत: नातेवाइकाची सही, रुग्णाशी नाते.

काउंटरवरच्या मुलीने निकाल हातात तरी घेतला. "मॅडम, बरोबर असेल. पण रकाना मोकळा दिसला की फाइल परत येते." तिला मी दोष देत नाही. रुग्णालयाला उद्या भांडण झालं तर धरायला कुणीतरी हवं असतं, म्हणून तो रकाना. संमतीशी त्याचा संबंध नाही. मानसिक आजार असता तर २०१७ च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्याच्या कलम १४ प्रमाणे बाईंनी साध्या कागदावर, नुसत्या अंगठ्यानेही, धाकट्यांना प्रतिनिधी नेमलं असतं. हाड मोडलेल्याला ही सोय नाही!

वीस मिनिटांत ऑपरेशनची वेळ दुसऱ्या रुग्णाला जाणार होती. मी धाकट्यांना हळूच म्हणाले, "बहीण लिहा."

त्यांनी पेन उचललं, माझ्याकडे पाहिलं आणि लिहिलं. ऑपरेशन व्यवस्थित झालं.

दोन दिवसांनी बाईंनी फाइल मागवून तो कागद वाचला. धाकट्यांना काही बोलल्या नाहीत. मला म्हणाल्या, "तुझ्या वहीत आमचं काय लिहिलंयस?"

माझ्या नोंदीत तो रकाना अजून मोकळा आहे. 'बहीण' लिहिलं तर खोटं, खरं लिहिलं तर त्या फाइलला धक्का. आणि सल्ला माझाच होता.

पुढच्या आजारपणाचे वैद्यकीय निर्देश, म्हणजे बरं होण्याची आशा नसेल आणि स्वतः बोलता येत नसेल तेव्हा कोणते उपचार नकोत आणि कुणाला विचारायचं याचा कागद, आता आम्ही तिघींनी मिळून लिहायला घेतलेत. सर्वोच्च न्यायालयाने २०२३ मध्ये आपल्या नियमांत केलेल्या दुरुस्तीपासून त्याला दोन साक्षीदार आणि नोटरी पुरतो. धाकट्यांच्या नावापुढे काय लिहायचं यावर दोघींचं काल तासभर वाजलं. शेवटी बाई म्हणाल्या, "ते राहू दे, आधी नोटरी किती वाजता बसतो ते विचार."