ग्रॅच्युइटी तेवीस महिने उशिरा मिळाली, तिचं व्याज कसं मिळवलं

मी ३१ मे २०१७ ला रिटायर झालो. एकाच कंपनीत टर्नर म्हणून ३० वर्षं ८ महिने काढले, आणि ग्रॅच्युइटी हातात पडली ३० एप्रिल २०१९ ला. मधले तेवीस महिने गेटवर जाऊन बसायचो आणि ऑफिसातली पोरं म्हणायची काका फंड आला की पहिलं नाव तुमचंच. त्याच काळात मुलीचं लग्न होतं, पतपेढीतून कर्ज काढलं. म्हणजे माझे पैसे कंपनीकडे पडून आणि व्याज मी भरतोय, हे मला आजही टोचतं.

चेक देताना छापील कागदावर सही घेतली, फुल अँड फायनल मिळालं, आता काही येणं नाही. सही केल्याशिवाय चेक देत नव्हते, केली. मला वाटलं विषय संपला. पण युनियनच्या जुन्या सेक्रेटरींनी कागद बघून सांगितलं की असल्या सहीने कायद्याने दिलेला हक्क जात नाही, तुम्ही व्याज मागा.

१९७२ च्या ग्रॅच्युइटी कायद्याचं कलम ७ त्यांनी माझ्याकडून मोठ्याने वाचून घेतलं. पैसे ३० दिवसांत द्यायचे, नाही दिले तर सरळ व्याज, आणि १ ऑक्टोबर १९८७ पासून दर आहे वर्षाला १० टक्के. बरं, उशीर झाला की व्याज ते ३० दिवस सोडून नाही, ग्रॅच्युइटी देय झाली त्या तारखेपासून, हे बऱ्याच जणांना माहीतच नसतं. माझा बेसिक आणि डीए मिळून २६,००० होता, त्याला २६ ने भागून १५ ने गुणलं (महिन्याचे २६ दिवस धरून दर वर्षामागे १५ दिवसांचा पगार) की १५,०००, आणि वरचे ८ महिने सहाच्या पुढे म्हणून वर्षं धरायची ३१, झाले ४,६५,०००. त्यावर महिन्याला ३,८७५, तेवीस महिन्यांचे ८९,१२५ रुपये.

आधी कंपनीला पत्र दिलं आणि कॉपीवर इनवर्डचा शिक्का मारून घेतला, तो घेतल्याशिवाय काउंटर सोडायचा नाही. उत्तर आलं नाही. मग कंट्रोलिंग ऑथॉरिटीकडे, म्हणजे ग्रॅच्युइटीच्या तक्रारी ऐकणाऱ्या सरकारी अधिकाऱ्याकडे, तक्रारीचा फॉर्म एन भरला. त्याला ९० दिवसांची मुदत असते, ती माझी उलटून गेलेली, म्हणून उशीर माफ करा असा वेगळा अर्ज जोडला, त्यात आजारपणाचे कागद लावले आणि तो मंजूर झाला. तारखा मात्र खूप पडल्या, मध्ये लॉकडाऊनमध्ये तर सगळंच थांबलं.

कंपनीचं म्हणणं काय, तर यांनी फॉर्म आय, म्हणजे कंपनीकडे ग्रॅच्युइटी मागायचा अर्ज, भरलाच नव्हता आणि आमची परिस्थिती वाईट होती. पण कामगाराने अर्ज करो न करो, रक्कम काढून कळवायची जबाबदारी मालकाचीच आहे, तेही त्याच कलमात लिहिलंय. व्याज टळतं ते एकाच वेळी, चूक कामगाराची असेल आणि तेवढ्यासाठी उशीर करायला ऑथॉरिटीची लेखी परवानगी मालकाने घेतली असेल तर. तो कागद मागितल्यावर त्यांच्याकडे नव्हता. आम्ही सुप्रीम कोर्टाचा २००३ चा गंगाहनुमे गौडा विरुद्ध कर्नाटक अ‍ॅग्रो इंडस्ट्रीज हा निकालही लावला, त्यात व्याज देणं बंधनकारकच आहे असं स्पष्ट म्हटलंय.

ऑर्डर माझ्या बाजूने झाली. अपिलाला ६० दिवस असतात आणि मालकाला आधी पूर्ण रक्कम भरावी लागते, ते त्यांनी केलं नाही, पैसेही देईनात. मग वसुलीच्या सर्टिफिकेटसाठी अर्ज टाकला, म्हणजे कलेक्टर जमीन महसुलासारखी वसुली करतो. त्याची नोटीस गेली आणि मग चेक आला, ८९,१२५ चा, एक रुपया कमी नाही.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून या जुन्या कायद्याच्या जागी सामाजिक सुरक्षा संहिता आलीय, पण ३० दिवस आणि उशीर झाला तर व्याज हे तिच्यातही आहे. माझ्याच वर्कशॉपमधले चार जण अजून थांबलेत, एकाने तसल्याच कागदावर सही केलीय म्हणून तो घाबरतोय, त्याला घेऊन सोमवारी पत्र द्यायला जातोय.