कथा संपली, आता पुढे काय?

आज दुपारी ‘एल्डन रिंग’ या व्हिडिओ गेममधला शेवटचा बॉस, म्हणजे सर्वात मोठा शत्रू, अखेर पडला. श्रेयनामावली सरकून गेल्यावर पडद्यावर प्रश्न आला: पुढचा प्रवास, म्हणजे त्याच पात्रासह खेळ पुन्हा पहिल्यापासून, आताच सुरू करायचा की नंतर? माझ्या आधीच्या पात्राच्या वेळी मी याच प्रश्नाला उत्साहाच्या भरात होकार दिला होता आणि नंतर बराच पस्तावलो होतो. पातळी, शस्त्रे आणि मंत्र सोबत आले खरे, पण शत्रू अधिक बळकट झाले आणि अर्धवट राहिलेल्या उपकथा पुन्हा पहिल्यापासून सुरू कराव्या लागल्या.

दुसरे म्हणजे, २१ जून २०२४ रोजी आलेल्या ‘शॅडो ऑफ द अर्डट्री’ या खेळाच्या विस्ताराचे (वेगळ्या जोड-भागाचे) दार राडान आणि मोग या दोन बॉसना हरवल्याशिवाय उघडत नाही, आणि नव्या प्रवासात त्या दोघांशी पुन्हा लढावे लागते. मोगशी पुन्हा गाठ पडावी अशी माझी तरी मुळीच इच्छा नव्हती.

म्हणून या वेळी कंट्रोलर मांडीवर ठेवून मी शांतपणे नकार निवडला. राउंडटेबल होल्ड या खेळातल्या मुख्य तळावरच्या ग्रेसपाशी (विश्रांतीच्या जागी) जाऊन नवा प्रवास हवा तेव्हा सुरू करता येतो, त्यामुळे घाईचे काही कारणच नव्हते. संध्याकाळभर मी घोड्यावरून लिमग्रेव्ह या खेळातल्या सुरुवातीच्या प्रदेशात भटकत राहिलो. सुरुवातीला ज्या सोनेरी घोडेस्वाराने मला असंख्य वेळा लोळवले होते, त्याच्या वाटेवरच मला एक तळघराचे दार दिसले, जे इतक्या तासांत माझ्या नजरेतून चक्क सुटले होते. आत दिवा नव्हता. मशाल पेटवली आणि उतरलो.