आधी कारण सांग

बास यान आडर या डच कलाकाराची ती रडण्याची फिल्म बघितली तेव्हा नाही, नंतर जे झालं त्याने डोकं फिरलंय माझं.

फिल्म १९७१ ची. साडेतीन मिनिटांच्या आसपास, ब्लॅक अँड व्हाइट, आवाज नाही, नुसता त्याचा चेहरा. मधेच हात चेहऱ्यावर घेतो, वाटतं झालं आता, आवरलं याने, आणि परत तोंड वाकडं व्हायला लागतं. रडतानाच्या फोटोची पोस्टकार्डं पण पाठवली होती ओळखीच्यांना, एवढंच लिहून की सांगता येणार नाही इतका दुःखी आहे. बस्स. मला रागच आला. पोस्टकार्ड पाठवायला सुचतं आणि कारण लिहायला नाही सुचत?

मग केलं सर्च. वडील नेदरलँड्समध्ये ख्रोनिंगनकडे पाद्री, युद्धात ज्यू लोकांना लपवलं म्हणून १९४४ च्या नोव्हेंबरात नाझींनी गोळ्या घातल्या, हा तेव्हा जेमतेम अडीच वर्षांचा. आणि हे वाचल्या वाचल्या माझ्या मनात काय आलं तर, हां, मग बरोबर आहे. चक्क बरं वाटलं! जशी काही मी बँकेत काउंटरवर बसलेय आणि हा केवायसीचे कागद घेऊन आलाय, कागद पूर्ण, आता रडा. तेव्हापासून खुपतंय ते हेच.

त्याची आई मात्र... जाऊ दे, तिच्याबद्दल आत्ता नको.

गेल्या महिन्यात ओट्यापाशी माझे डोळे भरून आले तर लगेच सुरू, काय झालं, कोण काही बोललं का, ऑफिसात काही झालं का. काहीच झालं नव्हतं. शेवटी म्हटलं कांदा. आमच्याकडे चातुर्मासात कांदा घरात येतच नाही, आणि हे कुणाच्या लक्षातसुद्धा आलं नाही, सगळे निवांत आपापल्या मोबाइलमध्ये. म्हणजे कारण मिळालं की संपलं, मग ते खोटं का असेना. त्याचं इतकं वाईट वाटलं ना, पण असो.

आणि बाकीचं काम बघावं तर या माणसाचं हसूच येतं. १९७० मध्ये घराच्या छपरावर खुर्ची टाकून बसलाय आणि तिथून गडगडत खाली. त्याच वर्षी ॲम्स्टरडॅममध्ये सायकलसकट सरळ कालव्यात. आणि १९७१ ची ती ब्रोकन फॉल नावाची फिल्म, उंच झाडाच्या फांदीला लोंबकळतोय, खाली ओढा, जरा झुलतो, पकड सैल होत जाते, आपलेच हात दुखायला लागतात बघून, आणि मग धप्प. का पडला कुणी विचारत नाही, हात सुटला, पडला, सगळ्यांना पटतं. रडणं पण तसंच असेल की, सुटला असेल हात. मला हे खरंच पटलंय का मी पटवून घेतेय कुणास ठाऊक, पण आज तरी चालतंय.

१९७५ च्या जुलैत साडेबारा फुटी होडीतून एकटाच अटलांटिक ओलांडायला निघाला, वय ३३. पुढच्या वर्षी आयर्लंडजवळ होडी सापडली, तो नाही सापडला. आत्महत्या का अपघात, अजून लोक भांडतायत, म्हणजे परत तेच, आधी कारण द्या. मी त्यात पडत नाही.

दादाला ती फांदीवाली फिल्म पाठवली. रिप्लाय आला, "याला उतरता येत नव्हतं का?" मी लिहिलं, येत असेल. तर म्हणे, "बरं. दिवाळीला कधी येतेस?"