मोबाइलवाले, पीसीवाले आणि एक प्लेस्टेशनवाला

आमच्यात मोबाइलवर बीजीएमआय हा नेमबाजीचा गेम खेळणारी भांडुप-कांजूरची पोरं आहेत, रात्री घरी पोचल्यावर पीसीवर व्हॅलोरंट हा गेम उघडणारे ऑफिसवाले आहेत आणि केवळ फुटबॉलसाठी प्लेस्टेशन घेतलेला मुलुंडचा एक बँकवाला आहे. सगळे एकमेकांना ओळखतात, कुणी शाळेपासून, कुणी गणपतीच्या मंडळातून. पण आज रात्री खेळायला कोण येणार हे कधी कुणाला कळायचं नाही. याबद्दल सगळ्यात जास्त कटकट मी करायचे, म्हणून ग्रुप उभा करायचं काम माझ्याच गळ्यात पडलं.

जो भेटला त्याने एकच सल्ला दिला: डिस्कॉर्डवर सर्व्हर (म्हणजे ग्रुपची आपली जागा) उघड आणि सगळ्यांना तिकडे ओढ. पीसीवाले तिथे आधीच होते. डिस्कॉर्ड २०१५ मध्ये निघालं तेच खेळता खेळता बोलता यावं म्हणून, त्यामुळे त्यांना काही समजवावं लागलं नाही. अडलं ते मोबाइलवाल्यांपाशी. पोरं आळशी आहेत, हे पीसीवाल्यांचं मत. मी एकाचा फोन हातात घेऊन बघितला. बेताच्या रॅमचा, कोपऱ्यात तडा गेलेला फोन. मॅच लोड व्हायला लागली की अँड्रॉइड मागे चालू असलेलं डिस्कॉर्ड बंद करून टाकायचं. बंद नाही केलं तर गेम आणि डिस्कॉर्ड दोघांनाही एकच माइक हवा असायचा, आणि याचा आवाज कुठेच पोचायचा नाही. शिवाय रोजचा डेटा मोजून मापून वापरायचा. गेममध्येच व्हॉइस आहे, तो चालतो, मग हा दुसरा व्याप कशाला? त्याचं म्हणणं मला पटलं.

मग सगळ्यांना व्हॉट्सॲपवर घ्यायचं? तिथे तर आईसुद्धा आहे. एका ग्रुपमध्ये १०२४ माणसं मावतात, आम्हाला त्याच्या दशांशाचीही गरज नव्हती. पण साध्या ग्रुपमध्ये प्रत्येकाचा नंबर प्रत्येकाला दिसतो. मित्राच्या मित्राचा मित्र आला की दुसऱ्या दिवशी ‘हाय, तू खरंच खेळतेस का?’ असा मेसेज ठरलेला. आमच्यातल्या दोघी याच कारणाने आधीच्या एका ग्रुपमधून निघून गेल्या होत्या, आणि पोरांना वाटत होतं की त्यांना खेळात रस उरला नाही. २०२२ च्या शेवटी व्हॉट्सॲपने कम्युनिटी, म्हणजे अनेक ग्रुप एका छताखाली घ्यायची सोय, आणली. तिच्या घोषणांच्या ग्रुपमध्ये फक्त ॲडमिन लिहू शकतात आणि सदस्यांना एकमेकांचे नंबर दिसत नाहीत. मला हवं होतं ते हेच. त्या दोघींना मी स्वतः फोन करून परत आणलं. आता आमच्या बीजीएमआयच्या एका स्क्वाडची (चौघांच्या संघाची) कॅप्टन त्यांच्यातलीच एक आहे.

टेलिग्रामची बाजू घेणारेही होते. तिथे दोन लाखांपर्यंत माणसं मावतात, नंबर लपवता येतो. पण असल्या उघड्या ग्रुपांत हॅक केलेल्या एपीके (म्हणजे ॲपच्या) फायली आणि ‘यूसी स्वस्तात’वाले, म्हणजे बीजीएमआयमधलं चलन विकणारे, माशांसारखे घोंगावतात. त्यांना हाकलत बसायची माझी तयारी नव्हती. विषय तिथेच संपवला.

शेवटी जे ठरवलं ते असं: कुणालाही त्याच्या जागेवरून हलवायचं नाही, आणि कुठल्याही जागेला दोन कामं द्यायची नाहीत. व्हॉट्सॲपवर फक्त सूचना: आज किती वाजता, कुठला गेम, किती जागा. गप्पा, भांडणं, क्लिप आणि व्हॉइस डिस्कॉर्डवर. गेममधला क्लॅन (गट), पीसी गेमांचं दुकान असलेल्या स्टीमचा ग्रुप, प्लेस्टेशनवरचा ग्रुप यांचा उपयोग खेळायला बोलावण्यापुरता. ग्रुपचा मुक्काम गेमच्या किंवा कन्सोलच्या आत ठेवायचा नाही, यावर मी अडून बसले. पबजी मोबाइलवर सप्टेंबर २०२० मध्ये बंदी आली. त्या गेमच्या जागी जुलै २०२१ मध्ये बीजीएमआय आलं, तेही जुलै २०२२ च्या अखेरीस स्टोअरमधून गायब झालं आणि मे २०२३ मध्ये परतलं. प्लेस्टेशन ४ वर कम्युनिटीज म्हणून चांगली सोय होती, ती एप्रिल २०२१ मध्ये काढून टाकली. अशा वेळी माणसं तीच राहतात, भेटायची जागा तेवढी जाते. ग्रुपचं नावही म्हणूनच कुठल्या गेमवरून ठेवलं नाही. त्या नावावरून मात्र तीन रात्री वाद झाला, तो इथे नको.

डिस्कॉर्डचा सर्व्हर उघडायला काही लागत नाही. वेळ जातो तो परवानग्यांमध्ये. सगळ्यात आधी मी सर्वांना एकदम हाक मारायची परवानगी काढून घेतली, नाहीतर रात्री एक वाजता कुणाला तरी चौथा गडी हवा असतो आणि अख्ख्या सर्व्हरचे फोन वाजतात. मग भूमिका, म्हणजे माणसांना लावायच्या चिठ्ठ्या, तयार केल्या: मोबाइल, पीसी, कन्सोल. हाक त्या त्या भूमिकेला मारायची. डिस्कॉर्डचीही कम्युनिटी नावाची सोय आहे, ती चालू करायला ईमेलची पडताळणी सक्तीची करावी लागते, चित्रं तपासायची गाळणी सगळ्यांना लावावी लागते, आणि नियमांसाठी एक चॅनल (सर्व्हरमधली वेगळी खोली) नेमून द्यावा लागतो. हे सगळं तसंही करायलाच हवं होतं. पुढे नव्या माणसाला प्रश्न विचारून आपोआप भूमिका देणारं ऑनबोर्डिंग आहे, पण त्यासाठी किमान सात चॅनल सगळ्यांना खुले ठेवावे लागतात. आमच्यासारख्या ग्रुपला सात चॅनल म्हणजे पाच रिकाम्या खोल्या. नवा माणूस आला की त्या नुसत्या बघून परत जातो. मी चारच ठेवले आणि भूमिका हाताने देते. त्या निमित्ताने माणसाशी दोन शब्द बोलणंही होतं.

व्हॉइस चॅनलला माणसांची मर्यादा घालता येते, ती जरूर घालावी. ज्यांच्या फोनना झेपतं त्यांच्या बीजीएमआयच्या खोलीला चार, व्हॅलोरंटच्या खोलीला पाच. नाहीतर न खेळणारा एक जण आत बसून सल्ले देत राहतो. आवाज गाळायची सोयही प्रत्येकाला चालू करायला लावली, कारण आमची खेळायची वेळ आणि घरोघरी भांडी घासायची वेळ एकच. डोंबिवलीवाला साडेनऊशिवाय घरी टेकत नाही. त्याला नऊला बोलावलं तर तो लोकलमधून, एका हाताने दांडी धरून उत्तर देतो. म्हणून सगळ्यांसाठी दहाची वेळ ठरली. मस्कतला असलेला एक मित्रही आमच्यात आहे. डिस्कॉर्डवर कार्यक्रम टाकला की त्याला तो त्याच्या घड्याळानुसार दिसतो, त्यामुळे ‘तुमचे दहा की आमचे दहा’ हा रोजचा घोळ मिटला.

प्लेस्टेशनवाल्याचं काम सगळ्यात लवकर झालं. २०२३ पासून पीएस ५ वर डिस्कॉर्डचा व्हॉइस चालतो, त्यासाठी दोन्ही खाती एकदा जोडावी लागतात. तो सोफ्यावर बसून कंट्रोलर हातात धरून आमच्यात बोलतो, आणि मुलुंडचा टोलनाका असल्यासारखा प्रत्येक विषयात आडवा येतो.

स्टीमवर नवी खाती अडतात. त्या खात्यावर निदान पाच डॉलरची खरेदी झालेली नसेल तर ते मर्यादित समजलं जातं आणि कुणाला मैत्रीची विनंतीही पाठवता येत नाही. काउंटर-स्ट्राइक फुकट आहे म्हणून आलेले आमचे दोघे इथेच अडकले होते, आणि त्यांना वाटत होतं की बाकीचे मुद्दाम दुर्लक्ष करताहेत. उपाय साधा आहे: विनंती जुन्या खात्यावरून नव्याला पाठवायची.

आता नावांचं प्रकरण. एकच माणूस व्हॉट्सॲपवर ‘बंड्या’, डिस्कॉर्डवर कुठल्यातरी जपानी कार्टूनचं नाव, व्हॅलोरंटच्या रायट खात्यावर नावापुढे हॅश आणि आकडे, आणि बीजीएमआयमध्ये नक्षीदार अक्षरांचं असं नाव की ते कीबोर्डवर टाइपच होत नाही. शोधणार कसं? बीजीएमआयमध्ये नाव सोडून द्यायचं आणि आकड्यांचा आयडी घ्यायचा. मी एक गुगल फॉर्म केला: हाक मारायचं नाव, राहायचा भाग, कुठल्या गेमचा कुठला आयडी. फॉर्ममधून भरलेला तक्ता सगळ्यांना फक्त वाचता येतो, बदलता येत नाही. फोन नंबर त्यात मुद्दाम घेतलाच नाही. खरं सांगायचं तर डिस्कॉर्ड उद्या बंद पडलं तरी मला चालेल, हा तक्ता मात्र हवा.

शिव्यांची गाळणी हा माझ्या आवडीचा भाग. डिस्कॉर्डच्या ऑटोमॉडला, म्हणजे मेसेज आपोआप तपासणाऱ्या सोयीला, शब्दांची यादी देता येते आणि शब्दाच्या मागेपुढे तारांकन लावलं की तो दुसऱ्या शब्दात लपलेला असला तरी सापडतो. मराठी शिव्या दोन लिप्यांत लिहाव्या लागतात, आणि रोमन लिपीत तर एकेका शिवीची चार-चार स्पेलिंगं. दोघं पोरं हसत हसत यादी करायला बसली. एवढ्या मनापासून त्यांनी दहावीचा अभ्यास केला नव्हता. यादी चालू झाली आणि पहिल्याच रात्री एकाचा अत्यंत निरुपद्रवी मेसेज अडला: ‘वरच्या मजल्यावर व्हरांड्यात दोघं आहेत.’ कुठली शिवी आणि कुठे सापडली, हे मराठी वाचणाऱ्याला सांगायला नको. सुदैवाने सोडून द्यायच्या शब्दांची वेगळी यादी असते, तीत व्हरांडा गेला. ‘च्यायला’ आम्ही मोकळं ठेवलंय. तेही बंद केलं तर काउंटर-स्ट्राइक खेळणार कसं?

पैशांवरून मात्र गंभीर व्हावं लागलं. कस्टम रूम (आपली खासगी मॅच) लावायची, स्क्वाडमागे यूपीआयवर एंट्री फी घ्यायची, दहा मिनिटं आधी आयडीपी (रूमचा आयडी आणि पासवर्ड) टाकायचा आणि जिंकणाऱ्याला बक्षीस, हा उद्योग मोबाइलवाल्यांत सर्रास चालतो. बाहेरच्या एका रूमवाल्याने आमच्या चौघांचे पैसे घेतले आणि आयडीपी द्यायच्या वेळेला त्यांनाच ब्लॉक केलं. त्याआधीच आमचा नियम होता, पण खरा पटला तो त्यानंतर: या ग्रुपमध्ये फी नाही, पैज नाही, बाहेरच्या रूमची लिंक नाही. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर बंदी घालणारा कायदा केला. ई-स्पोर्ट्सला त्यात वेगळी जागा आहे, पण ती रीतसर मान्यता असलेल्या स्पर्धांसाठी. कुणाच्या वैयक्तिक यूपीआयवर चालणाऱ्या रूमला तिचा आधार नाही. आमच्या स्पर्धेत हरलेला स्क्वाड जिंकलेल्यांना भांडुप स्टेशनबाहेर वडापाव देतो. आतापर्यंत कुणी बुडवलेला नाही.

ग्रुप वाढला की चोर येतात. डिस्कॉर्डवर फुकट नायट्रोची (पैसे भरून घ्यायच्या सभासदत्वाची) लिंक येते. क्यूआर कोड स्कॅन करायला सांगितलं जातं, आणि तो लॉगिनचा कोड निघाला तर स्कॅन करणाऱ्याचं खातं समोरच्याच्या हातात जातं. स्टीमवर ‘चुकून तुझंच खातं रिपोर्ट केलं रे’ असा ओशाळलेला मेसेज येतो आणि पुढे एक खोटा अधिकारी भेटतो. आमच्या एकाचं डिस्कॉर्ड असंच गेलं, आणि त्याच्या नावाने पहाटे सगळ्या चॅनलवर लिंका पडल्या. रात्रपाळी करणारी एक नर्स आमच्यात आहे, ती तेव्हा जागी होती आणि तिच्याकडे हकालपट्टीचे अधिकार होते, म्हणून कुणी फसायच्या आत सगळं पुसलं गेलं. मॉडरेटर, म्हणजे सर्व्हरवर लक्ष ठेवणारा, निवडताना मी हेच बघते. उत्तम खेळणारा मॉडरेटर हवा असं नसतं. कोण किती वाजता जागं असतं ते महत्त्वाचं, आणि कुणाचं डोकं लवकर तापत नाही ते. मॉडरेटरला दोन टप्प्यांचं लॉगिन सक्तीचं केलंय. सर्व्हरची मालकी डिस्कॉर्डवर एकाच खात्याकडे असते, ती माझ्याकडे आहे. माझे बॅकअप कोड कागदावर छापून आईच्या कपाटात, साड्यांच्या घडीखाली ठेवलेत. हे काय म्हणून तिने विचारलं, मी म्हटलं विम्याचे कागद आहेत.

शाळकरी मुलं यायला लागल्यापासून एक काम वाढलंय. डिस्कॉर्डला तेरा वर्षं पूर्ण लागतात, त्याखालच्यांना मी घेत नाही. त्यांचे आईवडील व्हॉट्सॲपच्या सूचनांत असतात. ‘ताई, आज लवकर बंद करायला सांगा, उद्या युनिट टेस्ट आहे,’ असे फोन येतात. सांगते.

त्याच मुलांचं माइनक्राफ्ट सध्या डोक्याला ताप झालंय. मोबाइलवाल्यांकडे या गेमची बेडरॉक आवृत्ती आहे, पीसीवाल्या दादांकडे जावा आवृत्ती, आणि ही दोन्ही आपणहून एका जगात शिरत नाहीत. जावाच्या सर्व्हरवर गायझर नावाचं प्लगइन टाकलं की बेडरॉकवाल्यांनाही आत येता येतं. ते टाकलं, घरातल्या घरात चाललंही. बाहेरून मात्र कुणाला जोडता येईना, कारण आमच्या भागातला इंटरनेटवाला एकच सार्वजनिक पत्ता अनेक घरांत वाटतो आणि राउटरवर पोर्ट, म्हणजे बाहेरून आत यायची वाट, उघडून काही उपयोग होत नाही. स्वतंत्र पत्त्याला तो महिन्याचे जादा पैसे मागतोय. पोरांनी वर्गणी काढायची तयारी दाखवली आहे. मी त्यांना आधी फुकटचा टनेल (दुसऱ्या मार्गाने बाहेरून जोडून देणारी सेवा) वापरून बघायला सांगितलंय, शनिवारी बसणार आहोत.